ती बंदूक वाटली कुणी?

१९ सप्टेंबर २०१७ रोजी मॉस्कोत एके-४७ या रायफलचा जनक मिखाईल कलाश्निकोव्हच्या पुतळ्याचं अनावरण झालं. हातात रायफल घेतलेला उंच पुतळा, आणि जवळच त्याच्या नावावरच्या शस्त्रांच्या आकृत्या असलेलं धातूचं शिल्प. काही दिवसांतच एका जाणकाराच्या लक्षात आलं, की त्यातली एक आकृती कलाश्निकोव्हच्या रायफलची नाहीच. ती दुसऱ्या महायुद्धातल्या जर्मन एसटीजी-४४ची आहे. घाईघाईनं ती कापून काढावी लागली.

जगभर या प्रसंगाची चेष्टा झाली. मला त्यात शस्त्रांचा इतिहास सांगणाऱ्यांची एक जुनी खोड दिसते. आपण एक माणूस निवडतो, एक यंत्र निवडतो आणि सगळं श्रेय किंवा सगळा दोष त्या दोघांच्या पदरात टाकतो. रशियन बंदुकांच्या बाबतीत या खोडीमुळे जे सुटून जातं, ते फार मोठं आहे. या बंदुका चांगल्या होत्या, काही तर विलक्षण चांगल्या होत्या. पण चांगल्या होत्या म्हणून त्या जगभर पसरल्या, हे अर्धसत्यही नाही. सरकारांनी त्या वाटल्या म्हणून त्या पसरल्या. त्या वाटपाचा प्रत्येक निर्णय कुणीतरी विचार करून, सही करून घेतला आहे. यंत्राच्या कौतुकात हे सही करणारे लोक दिसेनासे होतात, आणि भारत स्वतः कलाश्निकोव्ह बनवू लागलेला असताना हे आपल्याला परवडणारं नाही.

आधी चांगुलपणाबद्दल, कारण तो खरा आहे.

रशियात बंदुका बनवण्याची परंपरा जुनी आहे. तुला शहरातला कारखाना पीटर द ग्रेटनं १७१२ साली सुरू केला, इझेव्स्कचा १८०७ सालचा. पण कारखाने जुने असणं वेगळं आणि काळाच्या बरोबर असणं वेगळं. १८७७ साली बल्गेरियातल्या प्लेव्हनाच्या वेढ्यात तुर्कांच्या हातात अमेरिकन विंचेस्टर रायफली होत्या, एकामागून एक गोळ्या सोडणाऱ्या. रशियन सैनिक एकेक काडतूस भरत होते. तिथं सांडलेल्या रक्तातून रशियन लष्कराला नव्या रायफलची निकड कळली, आणि १८९१ साली 'तीन रेषांची रायफल' स्वीकारली गेली. रेष म्हणजे इंचाचा दहावा भाग. तीन रेषा म्हणजे ७.६२ मिलिमीटर. तिची रचना मुख्यतः कॅप्टन सर्गेई मोसिनची, काही भाग बेल्जियन लिऑन नागांचे. झारनं तिला कुणाचंच नाव दिलं नाही. मोसिनला याचं वाईट वाटलं असणार. तरी एका बंदुकीला एकाच माणसाचं नाव न देणं हे पुढच्या पुतळ्यापेक्षा वस्तुस्थितीला अधिक धरून होतं, असं माझं मत आहे.

रायफल तयार झाली, पण ती पुरेशा संख्येनं बनवायची कुठे? पहिली मोठी खेप फ्रान्समधल्या शातेलरो इथल्या कारखान्याकडून करून घ्यावी लागली. पहिल्या महायुद्धात तर रायफलींचा असा दुष्काळ पडला, की १९१५ साली आघाडीवर पाठवलेल्या अनेक सैनिकांकडे शस्त्रच नव्हतं. शेजारी पडला की त्याची रायफल उचलायची. अमेरिकेतल्या रेमिंग्टन आणि वेस्टिंगहाऊसला लाखोंच्या ऑर्डरी दिल्या, जपानकडून अरिसाका रायफली विकत घेतल्या. याच काळात व्लादिमीर फ्योदरोव्हनं खांद्यावरून चालवता येईल अशी स्वयंचलित रायफल बनवली होती आणि ती १९१६ साली आघाडीवर पोचलीही. ती जपानी काडतूस वापरत असे. कल्पना काळाच्या तीस वर्षं पुढची, पण तयार झाल्या जेमतेम तीनेक हजार. रशियन शस्त्रांच्या इतिहासाचा धडा मला इथेच दिसतो. डोकं होतं, कारखाना नव्हता. पुढची पिढी हे विसरली नाही.

तरीही शिकवणी लागलीच. १९३९ साली सोव्हिएत लष्करानं पीपीडी या मशीन पिस्तुलाचं, म्हणजे पिस्तुलाची काडतुसं झपाट्यानं झाडणाऱ्या छोट्या बंदुकीचं, उत्पादन बंद केलं होतं. त्याच वर्षीच्या हिवाळ्यात फिनलंडवर हल्ला केला आणि जंगलात सुओमी या फिनिश मशीन पिस्तुलाच्या माऱ्यापुढे सोव्हिएत तुकड्या कापल्या गेल्या. मग बंद केलेलं उत्पादन तातडीनं पुन्हा सुरू झालं. पण पीपीडीचे भाग धातूच्या ठोकळ्यातून कोरून काढावे लागत, म्हणजे कुशल कामगार हवा, वेळ हवा. गिओर्गी श्पागिननं उलट्या बाजूनं विचार केला. आपल्याकडे कोणती यंत्रं आहेत, कोणते कामगार आहेत, त्यांच्याकडून काय होऊ शकेल? पत्रा दाबून आकार द्या, वेल्डिंग करा, जिथे बारकाईची खरंच गरज आहे तिथेच बारकाई ठेवा. पीपीएसएच-४१ अशी जन्मली. १९४१ ते ४५ मध्ये तिच्या पन्नास लाखांहून जास्त नगांचं उत्पादन झालं. मोटारगाड्यांच्या आणि इतर साध्या कारखान्यांनाही ती बनवता येत होती.

मला सर्वांत भिडतं ते लेनिनग्राड. सप्टेंबर १९४१ ते जानेवारी १९४४ असा वेढा, भुकेनं मेलेली लाखो माणसं, आणि त्या वेढ्याच्या आत अलेक्सेई सुदायेव्ह नावाचा तिशीतला अभियंता पीपीएसएचहूनही साधी बंदूक उत्पादनात आणत होता. पीपीएस-४३मध्ये लाकूड जवळजवळ नाही, दस्ता घडी होणारा, जवळपास सगळं अंग पत्र्याचं. उपाशी कामगारांनी, त्यांत बायका आणि किशोरवयीन मुलं बरीच, ती शहरातच बनवली आणि तिथूनच ती आघाडीवर गेली. सुदायेव्ह १९४६ साली तेहतिसाव्या वर्षी वारला. त्याचं नाव आज हत्यारांच्या अभ्यासकांपलीकडे फारसं कुणाला ठाऊक नाही. रशियन बंदुकांबद्दल मनापासून आदर वाटावा अशी एक जागा निवडायची झाली, तर मी हीच निवडेन. आक्रमण झालेल्या देशानं, संपत आलेल्या साधनांतून, स्वतःच्या लोकांना वाचवण्यासाठी बनवलेलं शस्त्र.

कलाश्निकोव्हची रायफल याच वाटेवर पुढे उभी आहे. तोही साधा माणूस. १९१९ साली अल्ताय प्रांतातल्या शेतकरी घरात जन्मलेला. कुटुंबाला 'कुलक', म्हणजे श्रीमंत शेतकरी, ठरवून सैबेरियात हद्दपार केलेलं. रणगाड्यावरचा सार्जंट असताना १९४१च्या शरदात ब्र्यान्स्कजवळ जखमी झालेला. युद्धानंतर जी स्पर्धा झाली, तीत बुल्किन, देमेन्त्येव्ह अशांच्या रायफलीही होत्या. कलाश्निकोव्हच्या नमुन्यात कोव्रोव्हच्या अलेक्झांडर झायत्सेव्हच्या हाताचं काम आहे. एसटीजी-४४चा जनक समजला जाणारा ह्युगो श्मायसर त्या वर्षांत इझेव्स्कलाच कामाला लावलेला होता, त्यामुळे नक्कल केल्याचा आरोप नेहमी होतो. आतली यंत्रणा पाहिली तर तो टिकत नाही. जर्मन रायफलचा बोल्ट, म्हणजे गोळी झाडताना नळीचं मागचं तोंड बंद करणारा भाग, तिरका होऊन अडकतो, कलाश्निकोव्हचा गोल फिरून. मध्यम ताकदीच्या काडतुसाची उपयुक्तता जर्मनांनी रणांगणावर दाखवली होती, आणि ती सगळ्यांनी पाहिली होती. हत्यारं अशीच, अनेकांच्या हातून घडतात. १९४९ साली रायफल स्वीकारल्यावरही पत्र्याचं अंग नीट जमेना, म्हणून काही वर्षं पुन्हा ठोकळ्यातून कोरावं लागलं. पत्र्याची, हलकी आणि खऱ्या अर्थानं घाऊक उत्पादनाची सुधारित आवृत्ती, एकेएम, आली ती १९५९ साली. ज्याला एका रात्रीची प्रतिभा म्हणतात, तिला दहा वर्षं लागली.

आता त्या प्रसिद्ध टिकाऊपणाकडे येऊ. सैल बसवलेले हलते भाग, वायूच्या दाबानं मागे जाणारा जड दट्ट्या, नळीच्या आत क्रोमचा थर. चिखल, वाळू, हेळसांड सगळं सोसून ती चालते. हेच तिच्या प्रसाराचं कारण, असं शंभर ठिकाणी लिहिलेलं सापडतं. मग एक साधा प्रश्न. चेकोस्लोव्हाकियाची व्हीझेड-५८ ही रायफल तेच काडतूस वापरते, वजनाला हलकी, कामाला विश्वासू. ती जगाच्या प्रत्येक यादवीत का दिसत नाही? उत्तर यंत्रात नाही. मॉस्कोनं कलाश्निकोव्हचा आराखडा आणि उत्पादनाचा परवाना पोलंड, पूर्व जर्मनी, हंगेरी, रुमानिया, बल्गेरिया, उत्तर कोरिया यांना दिला. चीनला दिला, त्यातून १९५६ची चिनी आवृत्ती आली, जिला आपण एके-५६ म्हणतो. युगोस्लाव्हियानं तर परवान्याविनाच बनवली. या प्रत्येक देशानं आपल्या लष्कराच्या गरजेहून कितीतरी जास्त रायफली तयार केल्या आणि मित्रांना, मित्रांच्या मित्रांना, शत्रूच्या शत्रूंना दिल्या. अनेकदा फुकट किंवा नाममात्र किमतीत. आज या कुळातल्या रायफलींची संख्या सात ते दहा कोटींच्या घरात धरली जाते. बाजारात गिऱ्हाइकानं पसंत केल्यामुळे हा आकडा उभा राहिलेला नाही.

आणि टिकाऊपणाचा दुसरा अर्थ तर कौतुक करणारे कधी सांगतच नाहीत. ही रायफल तिला बनवणाऱ्या राज्यांपेक्षा जास्त जगते. पूर्व जर्मनी नकाशावरून गेला, युगोस्लाव्हिया गेला, सोव्हिएत संघ गेला; त्यांनी बनवलेल्या रायफली अजून गोळ्या झाडत आहेत. ज्यानं ती दिली ते सरकार जाब द्यायलाही उरलेलं नाही. शस्त्र देताना पाच वर्षांचं राजकारण पाहिलं जातं आणि त्या वस्तूचं आयुष्य मात्र पन्नास वर्षांचं असतं. या दोन कालावधींमधली दरी गेली सत्तर वर्षं माणसं गिळत आली आहे.

हा दोष एकट्या मॉस्कोचा मानणं अन्याय होईल. १९८०च्या दशकात अफगाणिस्तानात सोव्हिएत संघ काबूलच्या फौजेला कलाश्निकोव्ह देत होता, आणि त्याच वेळी अमेरिकेची सीआयए चीन आणि इजिप्तमध्ये बनलेल्या कलाश्निकोव्ह विकत घेऊन पाकिस्तानमार्गे मुजाहिदीनांना पाठवत होती. दोन महासत्ता एकमेकींविरुद्ध एकच रायफल वाटत होत्या. मधल्या मध्ये किती माल गळाला याचा हिशेब कुणीच ठेवला नाही. पाकिस्तानच्या शहरांत 'कलाश्निकोव्ह संस्कृती' हा शब्दप्रयोग त्याच वर्षांत रूढ झाला. एप्रिल १९८८ मध्ये रावळपिंडीजवळच्या ओझरी छावणीतला दारूगोळा उडाला आणि शेजारच्या वस्त्यांवर रॉकेटं कोसळली, तेव्हा सामान्य माणसाला कळलं की आपल्या दाराशी काय साठवलं होतं.

अल्बानियाचं उदाहरण याहून बोलकं आहे. १९९७ साली तिथल्या फसव्या गुंतवणूक योजना बुडाल्या, लोक रस्त्यावर आले, सरकार कोलमडलं आणि शस्त्रागारं फुटली. पाच लाखांहून जास्त हत्यारं लुटली गेली. त्यांतली अनेक सीमेपलीकडे कोसोव्होत गेली आणि पुढल्या युद्धात वापरली गेली. तिथे कुठल्याही तस्कराची बुद्धी लागली नाही. एका धास्तावलेल्या राजवटीनं गरजेपेक्षा कितीतरी पट साठा करून ठेवला होता, तो फक्त उघडा पडला.

आपण महाराष्ट्रातले लोक या साखळीच्या दुसऱ्या टोकाला राहिलो आहोत. १९९३च्या स्फोटांआधी रायगडच्या किनाऱ्यावर, दिघी आणि शेखाडीला जो माल उतरला, त्यात आरडीएक्सबरोबर एके-५६ होत्या. डिसेंबर १९९५ मध्ये पश्चिम बंगालातल्या पुरुलियावर एका अँतोनोव्ह विमानानं बल्गेरियात घेतलेल्या शेकडो कलाश्निकोव्ह आणि लाखो काडतुसं टाकली. ते विमान काही दिवसांनी मुंबईतच उतरवलं गेलं, आणि त्यातला मुख्य माणूस विमानतळावरून निसटला. २६ नोव्हेंबर २००८ला छत्रपती शिवाजी टर्मिनसवर दहशतवाद्यांच्या हातात याच कुळातल्या रायफली होत्या आणि आपल्या पोलिसांकडे लाठ्या आणि जुन्या थ्री-नॉट-थ्री. त्या रात्री गिरगाव चौपाटीवर तुकाराम ओंबळे यांनी कसाबच्या रायफलची नळी दोन्ही हातांनी धरली, गोळ्या अंगावर घेतल्या, पण सोडली नाही. त्यांच्या धैर्याबद्दल आपण पुष्कळ बोललो, आणि बोलायलाच हवं. पण कोणत्या कारखान्यातून, कोणत्या सरकारच्या साठ्यातून ती रायफल निघाली, हा प्रश्न आपण सार्वजनिक चर्चेत कितीदा विचारला? प्रत्येक रायफलवर कारखान्याची खूण असते. इझेव्स्कचा त्रिकोणातला बाण, चीनच्या एका कारखान्याचा त्रिकोणातला ६६ आकडा. माग काढता येतो. काढायची इच्छा लागते.

यावर एक गंभीर आक्षेप आहे आणि तो मला टाळायचा नाही. व्हिएतनाम, अंगोला, मोझांबिक, दक्षिण आफ्रिका, इथल्या वसाहतवादविरोधी आणि वंशभेदविरोधी लढ्यांना ही शस्त्रं मिळाली नसती, तर साम्राज्यं आणि गोऱ्यांची राज्यं आपण होऊन गेली असती का? नसती गेली, निदान तेव्हा नसती. मोझांबिकच्या राष्ट्रध्वजावर १९८३ पासून कलाश्निकोव्ह आहे, आणि त्या लोकांना ती तिथे का ठेवावीशी वाटली हे बाहेरच्यांनी त्यांना शिकवू नये. पण त्याच मोझांबिकचा पुढचा इतिहासही वाचावा लागतो. स्वातंत्र्यानंतर दोनच वर्षांत, १९७७ साली यादवी सुरू झाली आणि १९९२ पर्यंत चालली. मुक्तीसाठी आलेली आणि नंतर दोन्ही बाजूंना पुरवलेली शस्त्रं गावांवर चालली. शांततेनंतर ती जमिनीत पुरलेली राहिली आणि सीमा ओलांडून दक्षिण आफ्रिकेतल्या दरोड्यांत दिसू लागली.

मग १९९५ पासून दोन गोष्टी झाल्या. दक्षिण आफ्रिकेच्या आणि मोझांबिकच्या पोलिसांनी मिळून 'ऑपरेशन रॅचेल' चालवलं, पुरलेले साठे शोधून जागीच नष्ट केले. आणि मोझांबिकच्या ख्रिस्ती परिषदेनं लोकांना सांगितलं, बंदूक द्या आणि कुदळ, सायकल, शिलाई यंत्र घ्या. लोकांनी दिल्या. त्यांतल्या काही बंदुका कापून कलाकारांनी खुर्च्या आणि पुतळे बनवले. हत्यार एकदा सुटलं की परत येत नाही, असं हताशपणे म्हणणाऱ्यांसाठी हा पुरावा पुरेसा आहे. सरकारी निर्णयानं पसरलेली वस्तू सरकारी निर्णयानं, उशिरा का होईना, गोळा करता येते.

कलाश्निकोव्हनं स्वतः दोन वेगवेगळ्या वेळी दोन वेगवेगळी उत्तरं दिली. आपल्याला शांत झोप लागते, दोष राजकारण्यांचा आहे, असं तो म्हणत असे. पुढे, नव्वदी ओलांडल्यावर, त्यानं रशियन ऑर्थोडॉक्स चर्चच्या प्रमुखांना पत्र लिहिलं. माझ्या रायफलनं माणसांचे जीव घेतले असतील तर त्या मृत्यूंचा दोष माझ्यावर येतो का, हा प्रश्न त्याला असह्य झाला होता. डिसेंबर २०१३ मध्ये तो गेल्यावर ते पत्र प्रसिद्ध झालं. त्या म्हाताऱ्या माणसाच्या वेदनेबद्दल मला पूर्ण आदर आहे. पण ज्यांनी परवाने दिले, जहाजं भरली, साठे उघडे सोडले, त्यांच्यापैकी किती जणांनी असं पत्र लिहिलं? एकट्या कारागिरानं रडावं आणि सही करणाऱ्यांनी सन्मानानं निवृत्त व्हावं, ही वाटणी मला मान्य नाही.

म्हणून आता कोरव्याबद्दल. उत्तर प्रदेशात अमेठी जिल्ह्यातल्या कोरवा इथे रशियाबरोबरच्या भागीदारीत एके-२०३ बनते. डिसेंबर २०२१च्या करारानुसार सहा लाखांहून जास्त रायफली आपल्या सैन्यदलांसाठी आहेत. पुण्यात विकसित झालेल्या इन्सास रायफलच्या तक्रारी पाहता जवानांना भरवशाची रायफल मिळणं आवश्यकच होतं. त्याला माझा विरोध नाही. पण निर्यातीची भाषा पहिल्या दिवसापासून आहे. म्हणजे ज्या टोकावर आपण कायम मार खात आलो, त्याच्या विरुद्ध टोकावर आता आपण उभे राहणार. कुणाला विकायचं, कुणाला नाही, विकलेलं पुढे कुठे गेलं हे कोण तपासणार, याची चर्चा संसदेत किंवा वृत्तपत्रांत जवळपास ऐकू येत नाही.

संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनं २०१३ साली शस्त्र व्यापार करार मंजूर केला तेव्हा भारत तटस्थ राहिला. रशिया आणि चीनही. दहशतवादी आणि बिगर-सरकारी गटांबाबत मसुदा कच्चा आहे आणि निर्यातदार देशांना एकतर्फी अधिकार मिळतात, हा आपला आक्षेप होता. आयात करणारा देश म्हणून तो समजण्यासारखा होता. आता आपण निर्यातदार होऊ पाहत आहोत, तेव्हा आपल्याला हवे असलेले कडक नियम आधी स्वतःवर लावून दाखवण्यापासून कुणी अडवलेलं नाही.

यात माझा भर रायफलपेक्षा काडतुसावर आहे. पन्नास वर्षं टिकणारी रायफलही काडतूस संपलं की निकामी होते, आणि काडतुसं सतत लागतात. काडतुसाच्या बुडावर सहसा कारखान्याची खूण आणि वर्ष असतं. खेपेचा क्रमांक मात्र बहुधा खोक्यावरच असतो. खोकं फेकलं की माग संपला. ब्राझीलनं २००३च्या कायद्यानं सरकारी दलांना विकल्या जाणाऱ्या काडतुसांवरच खेपेची खूण सक्तीची केली. २०१८ साली रिओच्या नगरसेविका मारिएल फ्रँको यांचा खून झाला, तेव्हा जागेवर सापडलेल्या पुंगळ्यांवरून ती खेप २००६ साली फेडरल पोलिसांना विकली गेली होती, हे काही दिवसांतच कळलं. सरकारी साठ्यातून गळती होते, हे नाकारायला मग जागाच उरली नाही.

सरकारी दारूगोळा कंपनी म्युनिशन्स इंडियाचं मुख्यालय पुण्यात आहे. लहान शस्त्रांची काडतुसं तिच्या खडकीच्या आणि जळगाव जिल्ह्यातल्या वरणगावच्या कारखान्यांत बनतात. तिथून बाहेर जाणाऱ्या प्रत्येक काडतुसावर खेपेची खूण असावी. कोणती खेप कोणत्या देशाच्या कोणत्या दलाला गेली, याची यादी दरवर्षी संसदेपुढे यावी. विकलेला माल तिसऱ्याच्या हाती गेल्याचं दिसलं तर त्या देशाचा पुरवठा थांबवण्याची अट विक्रीच्या करारातच लिहावी. यासाठी कुठल्याही आंतरराष्ट्रीय मसुद्यावर एकमत होण्याची वाट पाहायला नको. संरक्षण मंत्रालयाचा एक आदेश पुरतो, आणि तो मागण्याचं काम, ज्या राज्याच्या किनाऱ्यावर एके-५६ उतरल्या त्या राज्याच्या खासदारांनी करावं.